यादीत कुणाचं नाव

मेक्सिकोतल्या बोनाम्पाक या प्राचीन मायन स्थळाच्या फाट्यावर गाडी थांबली आणि वाटाड्या म्हणाला, "उतरा सगळे. आपली गाडी इथून पुढे जात नाही." समोर जुनाट व्हॅनची रांग लागली होती. पांढरा पायघोळ अंगरखा घातलेला, केस खांद्यापर्यंत मोकळे सोडलेला एक माणूस आला आणि त्याने डोकी मोजून आम्हाला त्यातल्या एका व्हॅनमध्ये बसवलं. दोघातिघांनी कुरकुर केली. पैसे तर सकाळीच भरलेत, मग मध्येच गाडी कशाला बदलायची? वाटाड्याने थोडक्यात सांगितलं: हे जंगल लाकांदोन या मायन समाजाचं, रस्ता त्यांचा, म्हणून शेवटचा टप्पा त्यांच्याच गाडीतून.

ही डिसेंबर २०२२ मधली गोष्ट. नोकरीमुळे मी मेक्सिकोत, ग्वादालाहारा शहरात राहते. माझं आजोळ पुणे जिल्ह्यातल्या एका गडाच्या पायथ्याशी आहे. मावशीचं सासरही त्याच गावात. पस्तीस वर्षं ती पहाटे दह्याची मडकी टोपलीत घालून गड चढत आली आणि संध्याकाळी रिकामी टोपली घेऊन उतरत आली. त्या फाट्यावर मला तीच आठवली. शेवटचा टप्पा गावकऱ्यांचा, असा नियम आपल्याकडे असता तर मावशीला दर दोन वर्षांनी 'जागा खाली करा' ऐकावं लागलं नसतं, असं वाटून घसा दाटून आला. रात्री तिला फोन करून सगळं सांगितलंही.

पुढे २०२५ मध्ये गडांवरून वाद पेटला तेव्हा हेच उदाहरण मी दहा जणांना दिलं. ते अर्धवट होतं. राहिलेला अर्धा भाग सांगणं मला भाग आहे.

वाद काय होता ते आधी सांगते. २०२५ च्या सुरुवातीला राज्य सरकारने गडकिल्ल्यांवरची अतिक्रमणं ३१ मेपर्यंत काढून टाकण्याचा आदेश काढला, जिल्ह्याजिल्ह्यात समित्या नेमल्या. त्याच वर्षी जुलैमध्ये मराठ्यांच्या १२ किल्ल्यांना युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादीत स्थान मिळालं. ११ महाराष्ट्रातले आणि बारावा तमिळनाडूतला जिंजी. आनंद मलाही झाला, पेढे मीही वाटले. पण आमच्या नातेवाइकांत उभे दोन तट पडले. एका तटाचं म्हणणं, गड महाराजांचे आहेत, तिथे बाजार नको, सगळं साफ करा. दुसऱ्याचं म्हणणं, गरिबाच्या पोटावर पाय देऊ नका. आणि आम्ही परदेशातले लोक तिसराच सूर लावतो: तिकडे बघा, स्मारकाच्या आवारात एक टपरी दिसते का!

दिसते. मेक्सिकोतल्याच चिचेन इत्झा या प्राचीन मायन नगरात पिरॅमिडकडे जाणाऱ्या वाटांवर मुखवटे, शाली, लाकडी जग्वार मांडून बसलेल्या मायन विक्रेत्यांच्या रांगाच्या रांगा आहेत आणि त्यांच्यावरून पुरातत्त्व खात्याशी वर्षानुवर्षं तंटा चालू आहे. शिवाय ज्या जमिनीवर तो पिरॅमिड उभा आहे ती २०१० पर्यंत एका खासगी कुटुंबाच्या मालकीची होती. तिथल्या युकातान राज्याच्या सरकारने ती तेव्हा विकत घेतली. 'परदेशात असं नसतं' हे वाक्य मी आता तोंडून काढत नाही.

त्या दिवसाकडे वळते. पालेंके या शहरातून पहाटे अंधारात निघालो होतो. ग्वाटेमालाच्या सीमेला लागून जाणारा रस्ता, मध्ये लष्कराची तपासणी, एका धाब्यावर अंडी आणि काळ्या घेवड्याची उसळ, आणि मग फ्रोंतेरा कोरोसाल हे नदीकाठचं गाव. वेशीवर गावाची माणशी फी भरायची, धक्क्यावर जायचं आणि गवताचं छप्पर असलेल्या लांब, चिंचोळ्या होडीत बसायचं. नदीचं नाव उसुमासिंता. उजव्या हाताला ग्वाटेमाला, डाव्या हाताला मेक्सिको. आमचा नावाडी चोल होता. (आपल्या दक्षिणेतल्या चोळांशी याचा काही संबंध नाही, मायन कुळातल्या एका समाजाचं आणि त्यांच्या भाषेचं हे नाव.) मी त्याला पाण्याला तुमच्या भाषेत काय म्हणता असं विचारलं. त्याने हात पाण्यात बुडवला आणि म्हणाला, "हा." शेवटी श्वास जरा अडकवून. वाटाड्या म्हणाला, बाराशे-तेराशे वर्षांपूर्वी समोरच्या नगरात पाण्याला हाच शब्द होता.

ते नगर म्हणजे याश्चिलान. पाऊण तासाने होडी काठाला लागली, उंच झाडांखालून चालत गेलो आणि एका अंधाऱ्या, वटवाघळांनी भरलेल्या दगडी बोळातून पलीकडे निघालो, तर एकदम उघडं हिरवं पटांगण आणि त्याच्या कडेने चढत गेलेले वाडे. वर कुठेतरी हाऊलर माकडं अशी घुमत होती की पहिल्यांदा ऐकणाऱ्याला वाघच वाटावा.

इथली खरी कला दाराच्या वर आहे. आपल्या वाड्यांना जिथे गणेशपट्टी असते, तिथे इथे आडवी शिळा आणि तिच्या खालच्या अंगाला कोरीवकाम. उंबऱ्यात उभं राहून मान वर करून पाहायचं. इत्झामनाह बालाम या राजाने ६८१ ते ७४२ एवढी वर्षं राज्य केलं. त्याची राणी काबाल शोक हिच्या घराच्या दारांवर तिच्याच तीन शिळा होत्या. एकीत राजा मशाल धरून उभा आहे, समोर राणी गुडघ्यावर बसली आहे आणि काटे गुंफलेली दोरी जिभेतून ओढते आहे, देवांसाठी रक्त सांडते आहे. हा इसवी सन ७०९ मधला विधी आहे. वाटाड्याने ती शिळा आम्हाला छापील फोटोत दाखवली, कारण ती तिथे नाही. आल्फ्रेड मॉड्स्ले या इंग्रज संशोधकाने १८८० च्या दशकात तीनपैकी दोन शिळा लंडनला नेल्या. वजन कमी व्हावं म्हणून दगड मागून तासून काढले. त्या आज ब्रिटिश म्युझियममध्ये आहेत, तिसरी मेक्सिको सिटीत.

तेव्हा वाघनखं आपल्याकडे आलेली नव्हती. जुलै २०२४ मध्ये लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयातून ती तीन वर्षांच्या बोलीवर साताऱ्यात आली तेव्हा मला ही रिकामी दारं आठवली. समुद्रापार गेलेल्या वस्तूसाठी आपण जितके कळवळतो, त्याच्या निम्म्यानेही त्या वस्तूच्या गावात राहिलेल्या माणसासाठी कळवळत नाही. मेक्सिकोतही तेच आहे, म्हणूनच मला हे दुखतं.

नावाडी परतीच्या वाटेवर आणखी एक वाक्य बोलला होता: "आमचं गाव मूळ इथलं नाही. आम्हाला आणून बसवलं." मी तेव्हा मान डोलावली आणि फोटो काढत राहिले. तीन वर्षांनी, गडांच्या वादात 'भूमिपुत्रांना हक्क द्या, मेक्सिकोने दिलाय' असं मी हिरिरीने लिहिलं, तेव्हा चियापासमध्ये, म्हणजे हे जंगल ज्या राज्यात आहे तिथे, वाढलेल्या माझ्या एका सहकारी बाईंनी विचारलं, "हक्क कुणाला दिला आणि कुणाकडून घेतला, हे माहीत आहे का तुला?" त्यानंतर मी वाचायला बसले.

मार्च १९७२ मध्ये मेक्सिकोचे राष्ट्राध्यक्ष लुईस एचेवेर्रिया यांनी एक फर्मान काढलं. लाकांदोन जंगलातली ६,१४,३२१ हेक्टर जमीन ६६ लाकांदोन कुटुंबांच्या नावे झाली. हेच जंगलाचे मूळ मालक, अशी सरकारची भूमिका. पण त्याच जंगलात चोल आणि त्सेल्ताल (हाही एक मायन समाज) शेतकऱ्यांची गावं होती, मळे होते. काहींचे जमिनीसाठीचे अर्ज वर्षानुवर्षं सरकारदरबारी पडून होते. फर्मानावर सही झाली आणि ही हजारो माणसं आपल्याच घरात अतिक्रमणदार ठरली. मग त्यांना उठवून दोन मोठ्या वसाहतींत एकत्र केलं. चोल लोकांची वसाहत नदीकाठी वसली, तीच फ्रोंतेरा कोरोसाल. तिचं सुरुवातीचं नाव होतं फ्रोंतेरा एचेवेर्रिया. ज्याच्या सहीने ते अतिक्रमणदार झाले, त्याचंच नाव त्यांच्या नव्या गावाला. पुढे गावाने ते बदललं. आणि 'मूळ मालकां'च्या हाती जंगल आल्यावर लवकरच एका सरकारी लाकूड कंपनीने त्यांच्याशी करार करून महोगनीची तोड सुरू केली. साठ-सत्तर कुटुंबांशी करार करणं हजारोंशी करण्यापेक्षा सोपं असतं.

आता मूळचा कोण, हे तरी ठरतं का? आजचे लाकांदोन युकातान द्वीपकल्प आणि ग्वाटेमालातल्या पेतेनच्या बाजूने पुढे या जंगलात आले, असं अभ्यासक मानतात. त्यांची भाषा युकातेक गटातली. याश्चिलानचे शिलालेख ज्या भाषेत आहेत ती चोलान कुळातली, नावाड्याची चोल भाषाही त्याच कुळातली. म्हणजे त्या दगडांवरच्या भाषेशी ज्यांचं नातं जवळचं, ते कागदोपत्री उपरे. पण उलट बाजूही तितकीच खरी. याश्चिलानच्या उंचावरच्या देवळात, मुंडकं तुटून वेगळं पडलेल्या राजाच्या पुतळ्यासमोर, पिढ्यान्‌पिढ्या कोपाल या झाडाच्या राळेचा धूप जाळत आले ते लाकांदोनच. ते मुंडकं धडाला परत जोडलं की जग्वार येऊन जग संपवतील, अशी त्यांची श्रद्धा. बोनाम्पाकची भित्तिचित्रंही १९४६ मध्ये बाहेरच्या जगाला लाकांदोनांनीच दाखवली. शिलालेख न वाचता त्यांनी ती जागा सांभाळली. यातला कुणीही खोटा नाही. खोटी होती ती एका बैठकीत केलेली ६६ नावांची यादी.

चोल आणि त्सेल्तालांना पुढे झगडून त्याच जमिनीच्या समूहात सभासदत्व मिळालं. म्हणूनच आज होडी चोलांची आणि व्हॅन लाकांदोनांची. मी पाहिली ती सुंदर व्यवस्था कुणी कचेरीत बसून आखलेली नव्हती. ती अर्धशतकाच्या भांडणातून उरलेली वाटणी होती.

बोनाम्पाकबद्दल लिहिल्याशिवाय राहवत नाही. छोट्याशा देवळात शेजारी शेजारी तीन खोल्या, एका वेळी मोजकीच माणसं आत. भिंतीपासून छतापर्यंत, इसवी सन ७९० च्या सुमारासचे रंग. पहिल्या खोलीत वाजंत्री आणि दरबार, मधल्या खोलीत लढाई आणि पायऱ्यांवर बसवलेले, बोटांतून रक्त गळणारे कैदी, तिसऱ्या खोलीत नाच. पाझरणाऱ्या पाण्याने चित्रांवर चुन्याचा थर धरला आणि त्याखाली ती टिकली. शोध लागल्यावर नक्कल करायला आलेल्यांनी रंग उठून दिसावेत म्हणून भिंतींवर रॉकेल फासलं होतं. अजिंठ्यात इंग्रजांच्या काळात चित्रांवर व्हार्निश चढवलं, ते पिवळं पडलं आणि अजून आपण निस्तरतो आहोत. अजिंठ्यालाही आपली गाडी फर्दापूरच्या फाट्यावर सोडून एसटीच्या बसने लेण्यांपर्यंत जावं लागतं. म्हणजे शेवटचा टप्पा वेगळा ठेवायची कल्पना आपल्याला नवी नाही. त्या टप्प्याचा पैसा कुणाच्या हातात जातो, एवढाच प्रश्न आहे.

माझं म्हणणं आता असं आहे. गडावरची काँक्रीटची बांधकामं, दारूचे अड्डे, बुरुजाला टेकून उभारलेल्या खोल्या जरूर काढा, त्यासाठी मी हात जोडून उभी आहे. पण टोपलीतलं दही विकणारी बाई आणि सिमेंटची खोली बांधणारा मालक हे दोघं एकाच यादीत एकाच शब्दाखाली येता कामा नयेत. यादी जिल्ह्याच्या कचेरीत बसून नव्हे, गडाच्या पायथ्याशी ग्रामसभेत नावं मोठ्याने वाचून व्हावी. वाडीवरच्या धनगराला, पलीकडच्या गावातून रोज येणाऱ्या कातकरी बाईला, शेजारच्या घेऱ्यातल्या शेतकऱ्याला, सगळ्यांना 'माझं राहिलं' म्हणायची संधी मिळावी. मगच वाहनतळ, वाटाडे, जेवणघर त्यांच्या हाती द्यावं. 'स्थानिकांना प्राधान्य' एवढंच लिहून थांबलो तर आपणही ६६ नावं लिहून मोकळे होऊ.

बोनाम्पाकची ती सहल मी आज पुन्हा करू शकेन असं वाटत नाही. २०२३ च्या अखेरीपासून त्या सीमेवर अमली पदार्थांच्या टोळ्यांचा संघर्ष वाढला, रस्त्यांवर त्यांच्या चौक्या लागल्या आणि अनेकांनी तिकडे सहली नेणं थांबवलं. हे मावशीला सांगितलं तर ती म्हणाली, "अगं, मग होड्या काठालाच का? त्या नावाड्याचं घर कशावर चालतं?" तिची स्वतःची जागा पावसाळ्यापूर्वीच गेली होती. आता ती पायथ्याशी वाहनतळाच्या कडेला बसते, आणि गड उतरून आलेल्या माणसाला दह्यापेक्षा थंड बाटली हवी असते.

समितीकडे अर्ज करायचा म्हणून मावसभाऊ जुने कागद शोधत होता. पत्र्याच्या पेटीत ग्रामपंचायतीची १९९१ ची पावती सापडली, त्याने मला फोटो पाठवला. दही-ताक विक्री, गडावर, कर दोन रुपये. नाव काकांचं आहे. काकांना गुडघ्याच्या दुखण्याने तेव्हाही गड चढवत नव्हता. त्यांना जाऊन नऊ वर्षं झाली, आणि मावशीचं नाव लिहिलेला एकही कागद त्या पेटीत नाही.