मायरा म्हणजे लक्ष्मी? काका, जरा थांबा

रविवारी आमच्याकडे बारसं आहे, दादाच्या लेकीचं, आणि नाव ठरलंय मायरा. आत्या मीच, म्हणजे कानात कुर्र करायचं काम माझं. नाव फॅमिली ग्रुपवर पडलं आणि अर्ध्या तासात धाकट्या काकांचा फॉरवर्ड आला, तुमच्याकडेही फिरून गेला असेल, कमळं आणि दिव्यांच्या इमोजीवाला. त्याचं सार असं: मायरा हे वेदांमधलं शुद्ध संस्कृत नाव, लक्ष्मीच्या एकशेआठ नावांपैकी एक, अर्थ ‘सर्वांना प्रिय’, इंग्रजांनी ते आपल्या मीरेवरून उचललं, या नावाची मुलगी सिंह राशीची असते, आणि शेवटी ठळक अक्षरात, आपल्या पूर्वजांनी अर्थाशिवाय कधी नाव ठेवलं नाही. वहिनी खूश, दादाने तर लगेच पत्रिकेत नावापुढे कंसात ‘लक्ष्मी’ छापायला सांगितलं. माझं नावाशी भांडण नाही हो, मला ते आवडलंय, पण या मेसेजात अर्धी गोष्ट सोडली तर खरं काहीच नाहीये.

आधी लक्ष्मीचं बघू. आई दर शुक्रवारी लक्ष्मीची अष्टोत्तरशतनामावली म्हणते, ‘प्रकृत्यै नमः, विकृत्यै नमः, विद्यायै नमः’ अशी सुरू होते ती. तिच्या त्या तेलकट डागांच्या पुस्तकात मी बोट ठेवून एकशेआठ नावं वाचली, मायरा नाही. मग श्रीसूक्त काढलं, वेदाचं म्हणता ना, तर तिथेच असायला हवं. तिथे हरिणी आहे, चंद्रा आहे, हिरण्मयी आहे, आर्द्रा, पुष्करिणी, पिंगला, पद्ममालिनी, एकाहून एक सुंदर नावं आहेत आणि गंमत म्हणजे आजच्या पत्रिकांवर त्यातली फारशी कुणी ठेवत नाही. पुष्करिणी नाव ठेवा की! पण नाही, लक्ष्मी हवी आणि ती स्पेलिंगला सोपी हवी.

आता ‘शुद्ध संस्कृत’. बाबांच्या कपाटात वामन शिवराम आपट्यांचा कोश आहे, पहिल्यांदा छापला गेला १८९० साली पुण्यात, जाडजूड. त्यात माया आहे, मायावी आहे, मायिक आहे, मायु आहे (म्हणजे पित्त!), मायूर म्हणजे मोराचं, तेही आहे. मायरा नाही. कुणीतरी ग्रुपवर म्हणालं की माया अधिक रा, ‘रा’ म्हणजे देणे, तर माया देणारी. ‘रा’ धातूचा अर्थ देणे हे बरोबर आहे, पण मग शब्द मायारा झाला असता, मधला आ गेला कुठे? संस्कृतात स्वर असा रिक्षातून उतरून जात नाही. आणि ‘सर्वांना प्रिय’ हा अर्थ तर या फोडीतूनही निघत नाही, तो नावांच्या साइटवरून आलाय. तिथे प्रत्येक नावापुढे अर्थाचा रकाना असतो आणि तो रिकामा ठेवता येत नाही, मग एक साइट काहीतरी भरते आणि बाकीच्या ते कॉपी करतात. तीन ठिकाणी तेच दिसलं की आपल्याला वाटतं तीन पुरावे मिळाले.

खरं सांगायचं तर आपल्याकडे मायरा हा शब्द आहे, फक्त तो मुलीचं नाव म्हणून नाही. राजस्थानात लग्नात मामाकडून जो आहेर येतो, कपडे, दागिने, पैसे, त्याला मायरा म्हणतात, भातही म्हणतात. कृष्णभक्त संत नरसी मेहतांच्या लेकीच्या घरचं कार्य, बापाकडे फुटकी कवडी नाही, सासरचे टोमणे मारतायत आणि कृष्ण स्वतः येऊन मायरा भरतो, ही कथा तिकडे अजून रात्र रात्र गातात, ‘नानी बाई रो मायरो’. आपल्या भाषेत म्हणजे माहेरचा आहेर. मला हा योगायोग लक्ष्मीपेक्षा कितीतरी गोड वाटतो, पण म्हणून मुलीचं नाव तिथून आलं असं मी म्हणणार नाही, नाहीतर माझ्यात आणि काकांच्या फॉरवर्डमध्ये फरक काय उरला.

मग आलं कुठून? मुलीचं नाव म्हणून मायरा एका इंग्रज कवीच्या खात्यावर टाकतात, फुल्क ग्रेव्हिल, जन्म १५५४. राणी एलिझाबेथच्या दरबारातला माणूस, वॉरिकच्या किल्ल्याचा मालक, शेवटी १६२८ मध्ये मृत्युपत्रावरून चिडलेल्या नोकरानेच त्याला भोसकलं. याच्या प्रेमकवितांमधली प्रेयसी कधी सीलिका असते, कधी सिंथिया, कधी मायरा. तो काळच तसा होता, कवितेत बाईचं खरं नाव घ्यायचं नाही, छानसं नाव रचायचं. याचा जिवलग दोस्त फिलिप सिडनी, त्याने पामेला हे नाव रचलं, म्हणजे दोन मित्रांनी मिळून दोन नावं जगाला दिली आणि ती दोन्ही टिकली. ग्रेव्हिलने ते कशावरून केलं याचे तर्क आहेत, कुणी म्हणतं मेरीचीच अक्षरं इकडची तिकडे (इंग्रजीत लिहून बघा, चारही अक्षरं तीच), कुणी ते मिऱ्हशी जोडतं. मिऱ्ह म्हणजे आपला हिराबोळ बरं का, बाळंतिणीच्या औषधात जातो तो, गुग्गुळाचा चुलतभाऊ. वहिनीला आईने गेल्या महिन्यात तोच दिला, कडू म्हणून ती ओरडत होती. म्हणजे अर्थच हवा असेल तर तो घरातल्या डबीतच होता.

मीरेवरून चोरलं, याला उत्तर देताना मला जरा हसू येतं. मीराबाई सोळाव्या शतकातली, ग्रेव्हिलही साधारण त्याच शतकाच्या शेवटाचा, पण ईस्ट इंडिया कंपनीच मुळी १६०० साली स्थापन झाली आणि जहांगीराच्या दरबारात इंग्रजांचा राजदूत टॉमस रो आला तो त्यानंतर पंधरा वर्षांनी. वॉरिकच्या माणसाला मेडत्याच्या राजकन्येचं नाव कोण सांगणार होतं? आवाज जुळला म्हणजे नातं जुळलं असं असतं तर ‘मामा’ म्हणणारी सगळी इटालियन पोरं आपली भाची झाली असती.

राशीचं अर्धं खरं आहे. मघा नक्षत्राची अक्षरं मा, मी, मू, मे, आणि मघा सिंहेतलं, पण गाडी उलटी जोडलीय. जन्मनक्षत्रावरून अक्षर काढतात, अक्षरावरून मुलीचा जन्म बदलत नाही. आमची रोहिणीवर जन्मलीय, अक्षरं ओ, वा, वी, वू. तिला मायरा म्हटलं म्हणून चंद्र वृषभेतून उठून सिंहेत जाणार नाही.

आणि पूर्वजांचं म्हणाल तर दगडू, धोंडू, केरबा ही नावं कुणी ठेवली? मूल जगावं, दृष्ट लागू नये म्हणून दगड आणि केर ठेवले, अर्थ होता पण तो मिरवायचा नव्हता. आणि एक नाव तर अर्थासकट ठेवलेलं, नकुशी. २०११ मध्ये सातारा जिल्ह्यात २८५ मुलींची नावं सरकारी कार्यक्रमात बदलली, सगळ्या नकुशा, नको असलेल्या. त्यापेक्षा बिनअर्थाची मायरा लाख बरी.

अर्थ तसाही नंतर माणसं भरतात. इंग्लंडमध्ये दुसऱ्या महायुद्धात लंडनच्या नॅशनल गॅलरीत दुपारच्या मैफली चालवणारी पियानोवादक मायरा हेस होती, आणि १९६६ मध्ये मुलांच्या खुनांसाठी जन्मठेप झालेली मायरा हिंडली पण होती, तिच्यानंतर तिकडे हे नाव ठेवायला लोक कचरायला लागले (हे वहिनीला सांगितलेलं नाही, कुणी सांगू नका). इकडे मात्र २०२१ ला झी मराठीवर एका मालिकेत परीचं काम करणारी चिमुकली घरोघरी पोचली, तिचं खरं नाव मायरा, आणि मग बायकांच्या तोंडी ते बसलंच. त्याच्या आधीपासूनही होतंच म्हणा, तारा, इरा, कियारा, समायरा अशी ‘रा’ची रांग लागलीच होती. जोडाक्षर नाही, हिंदीत तेच, अमेरिकेत तेच, आणि मराठी कानाला सुरुवातीलाच माय ऐकू येते.

हे सगळं मी का समजू शकते, तर माझं नाव ज्ञानदा. अस्सल संस्कृत, अर्थ चोख, आणि स्पेलिंग डीएनवाय पासून सुरू. बंगळुरूच्या ऑफिसात पहिल्या दिवशी मला ‘डन्यंडा’ अशी हाक आली आणि मी मागे वळून बघितलं की कोण बाई आहे ही. त्यामुळे वहिनीने सोपं नाव निवडलं तर मी तिच्याच बाजूने आहे, फक्त ते नवं आहे, रचलेलं आहे, असं सरळ म्हणा ना.

काल प्रिंटरवाल्याला फोन करून कंसातली लक्ष्मी काढायला सांगितली. तो म्हणाला ताई जागा मोकळी दिसेल, गणपती टाकू का छोटा. टाक म्हटलं.