कराडची धावपट्टी लांबवू नका, आहे ती राखा

कराडच्या विमानतळाचा विषय निघाला की गाडी लगेच ‘मुंबईचं विमान कधी सुरू होणार’ इथे येऊन अडते. माझं मत स्पष्ट आहे. कराडला प्रवासी विमानसेवेची गरज नाही. आहे ती 1280 मीटरची धावपट्टी नीट राखली तर वैमानिक प्रशिक्षण, रुग्णांची ने-आण आणि आपत्तीतली मदत या कामांना ती पुरून उरते.

मुळात ही पट्टी तिकीट काढून जाणाऱ्यांसाठी बांधलेलीच नव्हती. 1950च्या दशकात कोयना जलविद्युत प्रकल्पासाठी बांधकाम खात्याने ती वारुंजीजवळ केली. पुढे पृथ्वीराज चव्हाण मुख्यमंत्री असताना विस्ताराचा विषय जोरात आला आणि आसपासच्या गावांतल्या शेतकऱ्यांनी विरोध केला. बारमाही पाण्याखालची बागायती जमीन जाणार असेल तर तो विरोध रास्तच होता.

आता हिशोब बघा. कराड समुद्रसपाटीपासून साधारण 570 मीटरवर आहे. एप्रिलच्या दुपारी पारा 38 अंशांवर गेला की हवा इतकी विरळ होते, की इंजिन आणि पंखांच्या दृष्टीने विमान सुमारे 1500 मीटर उंचीवर असतं, म्हणजे महाबळेश्वरच्याही वर. अशा दुपारीसुद्धा पूर्ण वजनाचं सेसना 172 हे चार आसनांचं प्रशिक्षण विमान ढोबळमानाने 400 मीटर धावून जमीन सोडतं आणि 700 मीटरच्या आसपास 15 मीटर उंची गाठतं. जमीन सोडताक्षणी इंजिन बंद पडलं, तर नाक खाली करून समोरच उतरायला पट्टी शिल्लक असते. शिकणाऱ्या मुलासाठी याहून मोठी सोय नाही. उलट एटीआर 72-600 या साधारण सत्तर आसनी प्रवासी विमानाला समुद्रसपाटीवर, 15 अंश तापमानात, पूर्ण वजनाने उडायलाच 1300 मीटरहून जास्त लागतात. कराडच्या उन्हाळ्यात हा आकडा आणखी वाढतो. म्हणजे विस्ताराशिवाय एटीआर नाही, आणि विस्तार करून मिळणार काय? हमरस्त्याने दीड तासाच्या आत कोल्हापूरचं उजळाईवाडी विमानतळ आहेच.

खरा प्रश्न देखभालीचा आहे, आणि त्यावर कोणी बोलत नाही. पाणी वाहून जावं म्हणून धावपट्टीला मधून दोन्ही कडांकडे दीड-दोन टक्के उतार असतो. पण कडेला दरवर्षी गवत वाढतं, त्यात माती अडकते आणि चार-पाच वर्षांत कडेची जमीन डांबराच्या वर येते. मग पावसाचं पाणी पट्टीवरच साचतं, भेगांतून खाली झिरपतं, खालची काळी माती फुगते आणि भेगा रुंदावतात. त्यातून सुटलेली खडी प्रोपेलर उडवून घेतो आणि पात्यांच्या कडांना खाचे पडतात. खाच वेळेत कानशीने घासून गुळगुळीत केली नाही तर तिथूनच पात्याला तडा जातो. उपाय साधा आहे: कडा खरवडून डांबराच्या खाली न्यायच्या, चर मोकळे करायचे, भेगा झाडून त्यात डांबर भरायचं. या क्रमानेच, कारण कडा तशाच ठेवून भेगा भरल्या तर पुढच्या पावसात त्या पुन्हा उघडतात.

दुसरी गोष्ट इंधनाची. सेसनासारख्या विमानांना लागणारं एव्हगॅस 100 एलएल हे निळं विमान-पेट्रोल मोजक्याच विमानतळांवर मिळतं, त्यामुळे लहान पट्ट्यांवर ते 200 लिटरच्या पिंपांतून येतं. एक विमान तासाला 30 ते 35 लिटर पितं. सहा विमानं दिवसाला पाच-पाच तास उडाली तर रोज पाच पिंपं लागतात. पिंप उभं ठेवलं की झाकणावर पावसाचं पाणी साचतं आणि दिवस-रात्रीच्या तापमानफरकाने बुचातून आत ओढलं जातं. म्हणून पिंप आडवं, दोन्ही बुचं एका आडव्या रेषेत ठेवून, छपराखाली ठेवायचं. विमानाच्या टाक्या संध्याकाळीच भरायच्या, कारण रिकाम्या जागेतल्या हवेतली वाफ रात्री थंड होऊन पाणी बनते. सेसना 172 एसला तळाशी साचलेलं पाणी काढून बघायचे तेरा ड्रेन आहेत. सकाळी तेराही तपासायचे, चार-पाच बघून भागत नाही.

वैमानिकाच्या व्यावसायिक परवान्याला लागणाऱ्या 200 तासांत 5 तास रात्रीचे लागतात, किमान दहा उड्डाणं आणि दहा उतरणी. त्यासाठी कडेचे दिवे हवेत. 60 मीटर अंतराने लावले तर दोन्ही बाजूंचे मिळून 46 दिवे आणि टोकांचे वेगळे. वीज गेली तर लगेच चालू होणारा जनरेटरही हवा. हेच दिवे असले तर रात्री पीसी-12सारखं रुग्णवाहिका विमान उतरू शकतं. 2019च्या पुरात महामार्ग कोल्हापूरजवळ बंद पडला होता. अशा वेळी पाण्याच्या उत्तरेला असलेली पट्टी किती मोलाची, हे वेगळं सांगायला नको.

एक गोष्ट मात्र आपल्या हातात आहे. कृष्णा-कोयनेच्या खोऱ्यात थंडीच्या सकाळी धुकं असतंच, त्यात ऊसतोडीनंतर पेटवलेल्या पाचटाचा धूर खाली दबून राहतो. डोळ्यांनी बघून उडायला किमान 5 किलोमीटर दृश्यमानता लागते, आणि धुरामुळे तीच हातची जाते. पाचट कुजवून सरीत घातलं तर जमिनीलाही फायदा आहे.

निधी आलाच तर आधी अखंड कुंपण करा, कारण उतरणाऱ्या विमानासमोर कुत्रं किंवा म्हैस आली तर बाकी सगळं व्यर्थ. मग कडा आणि चर, मग दिवे, मग इंधनाची शेड. टर्मिनलच्या इमारतीवर इतक्यात एक रुपयाही नको. कडा-चरांचं काम मात्र मे महिना संपायच्या आत व्हायला हवं; पावसाळा सुरू झाल्यावर भरलेलं डांबर ओल्या भेगेला धरत नाही.