तालिबानपासून पळालेल्यांनाच तालिबानी ठरवणारा तो फॉरवर्ड

परवा मावशीचा फोन आला. पुण्यात विश्रांतवाडीला तिची एक खोली भाड्याने द्यायची आहे, ती एका अफगाणी मुलीने येऊन बघितली, तिला आवडली, दोन हजार टोकनही दिलं. आणि त्याच संध्याकाळी मावशीने ते पैसे परत केले. का, तर भिशीच्या ग्रुपवर तो "सावधान, अफगाणी भाडेकरू ठेवू नका" वाला मेसेज आला.

माझ्याकडे तो तीन ग्रुपवरून आलाय, तुमच्याकडेही आला असेल. त्यात म्हटलंय की लाखो अफगाणी भारतात घुसलेत, सरकार त्यांना फुकट घर, महिन्याला पैसे आणि वर नागरिकत्व देतं, हे लोक काही काम करत नाहीत, बहुतेक सगळे तालिबानचेच आहेत, आणि त्याचा पुरावा काय तर "फक्त तरुण पुरुषच का पळून येतात, बायकापोरींना तिकडे टाकून?" मग युरोपची काय हालत झाली बघा, आणि शेवटी, घर दिलंत तर पोलिस तुम्हालाच उचलतील.

तो बायकापोरींचा मुद्दा आधी घेते, कारण तो वाचून माझं डोकं फिरलं. डिसेंबर २०२१ मध्ये तालिबानने नियम काढला की ७२ किलोमीटरच्या पुढे जायचं असेल तर बाईबरोबर घरातला पुरुष हवा. म्हणजे इथून मुंबईला जायचं तरी भाऊ नाहीतर बाप सोबत घ्यायचा. ऑगस्ट २०२३ मध्ये दुबईतल्या एका उद्योगपतीने अफगाणी मुलींना तिकडच्या युनिव्हर्सिटीत शिकायला स्कॉलरशिप दिली होती, विमानाची सोय झाली होती, मुली बॅगा घेऊन काबूलच्या विमानतळावर पोचल्या होत्या, आणि तिथून त्यांना परत पाठवलं, विमानात बसूच दिलं नाही. आता सांगा, कोणी कोणाला टाकलं? ज्या घरात सगळ्यांना बाहेर काढायचे पैसे नाहीत तिथे जमीन विकून, कर्ज काढून एकाला पुढे पाठवतात, इराण-तुर्कस्तानच्या डोंगरातून चालत जायचं असतं, तिथे आजीला आणि तान्ह्या बाळाला घेऊन कोण निघेल? जो पोचतो तो मग पैसे पाठवतो आणि बाकीच्यांना बोलवायची खटपट वर्षानुवर्षं करत राहतो.

आणि तालिबानचे म्हणे. अहो, पळालं कोण ते तरी बघा. अमेरिकन सैन्याचे दुभाषे, पत्रकार, महिला न्यायाधीश, शाळा चालवणाऱ्या बाया, हजारा या अल्पसंख्याक समाजातले लोक. तालिबान ज्यांना शोधत घरोघर फिरत होतं ते हे लोक. तालिबानच्या माणसाला पळायची गरज काय, त्याचं तर तिथे राज्य आलंय! नादिया नदीमचं नाव फुटबॉल बघणाऱ्यांना माहीत असेल. जन्म हेरातचा, वडील सैन्यात जनरल, तालिबानने २००० साली त्यांना मारलं, आई मुलींना घेऊन निघाली ती डेन्मार्कच्या निर्वासित छावणीत पोचली. ती मुलगी तिथे फुटबॉल शिकली, डेन्मार्कच्या टीमकडून खेळली आणि खेळता खेळता डॉक्टर झाली. बापाला तालिबानने मारलेल्या मुलीलाही हा मेसेज तालिबानी म्हणणार.

"लाखो घुसले" याला उत्तर सरकारनेच देऊन ठेवलंय. २५ ऑगस्ट २०२१ ला भारताने देशाबाहेर असलेल्या अफगाणी लोकांना आधी दिलेले व्हिसा सरसकट रद्द केले, ज्यांचे पासपोर्ट-व्हिसा तयार होते तेही अडकले, आणि फक्त नवा इमर्जन्सी ई-व्हिसा चालेल असं सांगितलं. ते किती दिले? नोव्हेंबर २०२१ पर्यंत २००, असं गृहखात्याने संसदेत सांगितलं. दोनशे! आधीपासून इथे असलेले, संयुक्त राष्ट्रांच्या निर्वासित संस्थेकडे नोंद झालेले अफगाणी तेव्हा १५ हजारांच्या आसपास होते, त्यात पूर्वीपासून आलेली शीख कुटुंबंही आली. लाखांनी अफगाणी आहेत ते पाकिस्तानात आणि इराणमध्ये, आणि तिथूनही आता त्यांना हाकलतायत, २०२५ या एका वर्षात २० लाखांहून जास्त लोक या दोन देशांतून परत गेले.

फुकट घर आणि पैसे, तर भारताने १९५१ च्या निर्वासित करारावर सहीच केलेली नाही, आपल्याकडे निर्वासितांसाठी वेगळा कायदाही नाही. अगदी अडचणीतल्या थोड्या कुटुंबांना ती संयुक्त राष्ट्रांची संस्था थोडीफार मदत करते, तेवढंच काय ते खरं. सरकार दर महिन्याला पैसे वाटत असतं तर ऑगस्ट २०२१ मध्ये दिल्लीत वसंत विहारला त्या संस्थेच्या ऑफिसबाहेर हे लोक पोराबाळांसकट धरणं धरून का बसले असते? नागरिकत्वाचं म्हणाल तर सीएएमध्ये, म्हणजे नागरिकत्व दुरुस्ती कायद्यात, अफगाणिस्तानातून ३१ डिसेंबर २०१४ पर्यंत आलेले हिंदू, शीख, बौद्ध, जैन, पारशी आणि ख्रिश्चन आहेत. मुसलमान त्यात नाहीत. कायदा वाचा, विषय संपला.

काम करत नाहीत म्हणणाऱ्याने दिल्लीत लाजपत नगर, भोगल इकडे एक चक्कर मारावी. फाळणीच्या निर्वासितांनी वसवलेली वस्ती आहे लाजपत नगर. तिथे आता अफगाणी नानचे तंदूर आहेत, हॉटेलं आहेत, हॉस्पिटलात पेशंटसाठी त्यांच्या दरी भाषेतून हिंदी करून सांगणारे दुभाषे आहेत, त्यातले काही तिकडे स्वतः डॉक्टर होते. आधार कार्ड नाही म्हणून धड नोकरी नाही, बँकेत खातं उघडायचं म्हणजे मारामार, तरी करतात. आणि क्रिकेट? ३० ऑक्टोबर २०२३ ला आपल्या पुण्याजवळच्या गहुंज्याला अफगाणिस्तानने श्रीलंकेला ७ विकेटनी हरवलं. त्यांचं क्रिकेट सुरू झालं पेशावरजवळच्या निर्वासित छावण्यांत.

युरोपचं मात्र पूर्ण खोटं नाही, हे मान्य करावं लागेल. २०२४ ला जर्मनीत मानहाइममध्ये पोलिसाचा खून झाला, जानेवारी २०२५ मध्ये आशाफनबुर्गला बागेत लहान मुलावर सुरा चालवला गेला, पकडले गेलेले अफगाणीच होते. भयंकर आहे, त्यांना कडक शिक्षा हवी, त्यात दुमत नाही. पण त्याच जर्मनीत चार लाखांच्या वर अफगाणी राहतात, हॅम्बुर्गला तर कितीतरी वर्षांपासून त्यांचे गालिच्यांचे व्यापार आहेत. दोन माणसांनी केलं म्हणून विश्रांतवाडीतल्या पोरीला खोली नाही, हे कुठलं गणित?

राहिलं पोलिसांचं, ते अर्धं खरं आहे. कुठलाही परदेशी माणूस राहायला आला, मग तो अफगाणी असो नाहीतर जपानी, की घरमालकाने २४ तासांत त्याची माहिती सरकारला कळवणारा फॉर्म (पूर्वीचा फॉर्म सी) भरायचा असतो. ऑनलाइन आहे, पासपोर्ट आणि व्हिसाचे डिटेल्स लागतात. त्याशिवाय नेहमीचं भाडेकरूंचं पोलिस व्हेरिफिकेशन. फॉर्म भरला नाही तर त्रास होऊ शकतो. भरला तर कोण कशाला उचलेल?

मावशीची खोली बघायला आलेली ती मुलगी २०१९ ला बीकॉमला पुण्यात आली. मग एमकॉम केलं, आता तिसरा कोर्स चालू आहे, कारण कोर्स संपला की व्हिसाचा प्रश्न उभा राहतो, आणि तिकडे २० डिसेंबर २०२२ पासून मुलींना युनिव्हर्सिटीची दारं बंद आहेत. तिची धाकटी बहीण सहावीनंतर घरीच बसलीय. हे सगळं तिने मावशीला खोली बघताना सांगितलं होतं, चहा पिताना. मावशीच मला म्हणाली, "पोरगी चांगली वाटली गं, पण ग्रुपवर असं आलं ना..."

काल मी मावशीकडे जाऊन तिच्या फोनवर त्या फॉर्मचं पान उघडून ठेवलंय, त्या मुलीचा नंबर पण परत सेव्ह करून दिला. मुलगी सध्या मैत्रिणीच्या खोलीत तिसरी म्हणून राहतेय. मावशी म्हणाली, रविवारी फोन करते.