रॅप गुंडांनी काढलं नाही, फॉरवर्ड करण्याआधी हे वाचा

परवा ताईचा फोन आला, रडत होती. दाजींनी भाच्याची रॅप लिहिलेली वही काढून घेतली आणि मोबाइल कपाटात कुलूप लावून ठेवला. कशामुळे, तर नातेवाइकांच्या ग्रुपवर फिरणारा तो मेसेज: "रॅप हे अमेरिकेतल्या गुंड टोळ्यांचं गाणं आहे, ते गाणारी पोरं नशेला लागतात, आपल्या संस्कृतीत हे कधीच नव्हतं, यानं पोट भरत नाही, पोरांना वेळीच आवरा." मला तो एका दिवसात तीनदा आला, तिन्ही वेळा शिकलेल्या माणसांकडून. म्हणून लिहायला बसलो.

आधी ते गुंडांचं. हेच सगळ्यात खोटं आहे आणि ह्याच्यावरच पोरांना मार बसतोय. न्यूयॉर्कचा ब्रॉन्क्स भाग. वस्त्या फोडून मोठा हायवे काढलेला, कामधंदे गेलेले, पुढे तर विम्याच्या पैशासाठी काही घरमालकच बिल्डिंगी पेटवायला लागले, अशात पोरांच्या टोळ्या झाल्या, इथवर खरं. डिसेंबर 1971 मधे घेटो ब्रदर्स टोळीतला 'ब्लॅक बेंजी' भांडण मिटवायला म्हणून गेला आणि तिथंच त्याला मारून टाकलं. सगळ्यांना वाटलं आता मुडदे पडणार. पण त्याच्या टोळीनं बदला घेतला नाही, 8 डिसेंबरला बाकीच्या टोळ्यांना एका क्लबात समोरासमोर बसवलं आणि तह केला. घेटो ब्रदर्सचा स्वतःचा बँड होता, त्यांच्या गाण्याला दुसऱ्या टोळीची पोरंही यायला लागली. अशी ये-जा सुरू झाली, आणि 11 ऑगस्ट 1973 ला ती पार्टी झाली जिथून हिपहॉपची, म्हणजे ठोक्यावर बोलत गायचं हे रॅप ज्यात येतं त्या सगळ्या प्रकाराची, सुरुवात धरतात. ती ठेवली कोणी? सिंडी कॅम्पबेल नावाच्या शाळकरी पोरीनं, शाळा सुरू होताना नवे कपडे घ्यायला पैसे पाहिजेत म्हणून! रेकॉर्ड लावायला तिचा भाऊ, तोच डीजे कूल हर्क, जमैकाहून आलेल्या घरातला. ह्यात गुंड दाखवा मला. टोळ्यांची भांडणं मिटल्यावर जे उगवलं त्यालाच तुम्ही टोळीचं गाणं म्हणताय.

हां, एक मान्य करतो, मनात नसलं तरी. पुढे ह्याच रॅपमधे बंदुका, नशा, बायकांबद्दल घाण बोलणं आलं आणि कंपन्यांनी तेच जास्त विकलं. भाच्याच्या मोबाइलमधे तसली दोन गाणी मलाही सापडली, मी त्याला झापलं. पण गाण्यानं पोरगं नशेला लागतं ह्याला त्या मेसेजमधे एक पुरावा नाही, आणि गुटख्याच्या टपऱ्या आपल्या गावात रॅपच्या कितीतरी आधीपासून आहेत.

संस्कृतीचं म्हणाल तर भजनातली पेटी मूळची फ्रान्सची, तिला कोणी बाहेरची म्हणत नाही. आणि बोलीत, तालात, आपल्या शेताचं नि जिवाचं दुखणं मांडणं खान्देशला कोणी शिकवायचं? असोद्याच्या बहिणाबाई शाळेत न जाता तेच करत होत्या.

आता ती वही. मी पाहिलीये. बीजगणिताच्या वहीची मागची पानं, प्रत्येक ओळीखाली पेनानं ठोक्यांच्या रेघा, खोडाखोड करून करून कागद फाटलेला. एक ओळ अशी, "मना बापना कापूस घरमाच पडेल शे." दाजी, हे तुमच्याबद्दल आहे. भाव नाही म्हणून मागच्या खोलीत छतापर्यंत भरलेला कापूस तो रोज बघतो, त्याच्याच बाजूला झोपतो. उन्हाळ्यात नळाला आठ-आठ दिवस पाणी नव्हतं तेव्हा भाच्यानं नि त्याच्या दोस्तांनी, चार पोरांनी मिळून, चौकात स्टीलचा डबा वाजवून पाण्यावर रॅप केलं, गल्लीतल्या बाया हंडे घेऊन मागं उभ्या राहिल्या, दुसऱ्या दिवशी टँकर आला. नशा करणारी पोरं भर उन्हात हे करतात का?

पोट भरत नाही, खरंय. आपल्या कापसानं तरी कुठं भरतंय.

दाजी, मोबाइल परीक्षेपर्यंत ठेवा तुमच्याकडे, माझं काही म्हणणं नाही. वही तेवढी आज द्या, पुढच्या पानांवर गणितं आहेत आणि सोमवारी त्याचा पेपर आहे.