आधी आराखड्यातून पुसा

नवी मुंबईतल्या नेरूळचा डीपीएस तलाव, म्हणजे फ्लेमिंगो येतात ती पाणथळ, वाचवा असं मी घरच्या ग्रुपवर लिहिलं की एक उत्तर हमखास येतं: "तुमच्याकडे जागा बक्कळ, इथे माणसांनाच राहायला नाही." मी ऑस्ट्रेलियातल्या पर्थच्या दक्षिण उपनगरात राहते. जागा बक्कळ असूनही इथल्या सरकारला महामार्ग बीलियारच्या पाणथळीतूनच न्यायचा होता.

'रो ८' हा तो रस्ता, बिब्रा लेक आणि नॉर्थ लेकच्या मधून जाणारा. त्याची जागा आराखड्यात कित्येक दशकं राखीव होती. फ्रीमँटल बंदराच्या ट्रकांनी जुन्या रस्त्याकडेचे रहिवासी जेरीस आले होते, हेही खरं. २०१५ मध्ये न्यायालयाने पर्यावरण परवानगी अवैध ठरवली, २०१६ मध्ये अपिलात ती वैध ठरली आणि डिसेंबरात बुलडोझर आले. इथल्या मूळनिवासी नूंगार लोकांची ही पवित्र भूमी. माणसं यंत्रांना स्वतःला बांधून घेत होती, अटक होत होती, तरी बँक्शिया या इथल्या झाडांचं रान पडत राहिलं. काम थांबलं ते मार्च २०१७ च्या निवडणुकीत सरकार बदललं म्हणून. पुढे २०२१ मध्ये कायदा करून रस्त्याचं आरक्षणच काढून टाकलं. मला सगळ्यात मोलाचं वाटतं ते हे.

आपल्याकडे सगळा भार न्यायालयावर आणि मूठभर कार्यकर्त्यांवर. २०१८ मध्ये उच्च न्यायालयाने नेरूळच्या पाणथळीवरचा गोल्फ कोर्स आणि इमारतींचा बेत रोखला. ज्यांना राहायला जागा नाही त्यांच्यासाठी होता का तो गोल्फ कोर्स?

ठाणे खाडी २०२२ पासून रामसर स्थळ, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ आहे. पण भरतीला खाडीतला चिखल बुडतो तेव्हा फ्लेमिंगो टेकतात ते नेरूळ-तळव्याच्या या उथळ पाण्यात. २०२४ मध्ये डीपीएस तलावात भरतीचं पाणी येईना, तलाव सुकला आणि त्याच सुमारास परिसरात फ्लेमिंगो मेलेले सापडले. आणि प्रश्न फक्त पक्ष्यांचा नाही. खाडीला भरती आणि वर मुसळधार असली की शहराचं पाणी साठवायला सखल जागाच लागते. नवी मुंबईत धारण तलाव त्यासाठीच आखले. तिथे भराव टाकला तर ते पाणी तळमजल्यांत शिरणार.

म्हणून घरच्यांना माझं सांगणं एवढंच: पालिकेचा किंवा विधानसभेचा उमेदवार दारात आला की गटार-पाण्याबरोबर हेही विचारा, की या जागांवरचं बांधकामाचं आरक्षण काढायला तो लेखी तयार आहे का.