लोक हसले, म्हणून हसं झालं का?

नमस्कार,

जुन्या टीव्ही गेम शोंवरच्या माझ्या लेखावरची तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. तुमचं म्हणणं असं, की १९५०-६०च्या सुमाराच्या त्या शोंनी जगावेगळ्या माणसांना जत्रेतल्या तंबूत उभं करावं तसं कॅमेऱ्यापुढे उभं केलं आणि मी त्याला कौतुक म्हणून मोकळा झालो. अमेरिकन प्रयोगशील संगीतकार जॉन केज यांचं तर हसंच झालं, असंही तुम्ही लिहिलंय.

केज यांच्याबाबत मला हे अजिबात पटत नाही. पाहुण्याचं गुपित पॅनेलने ओळखायचं, हा 'आय'व्ह गॉट अ सीक्रेट' या अमेरिकन गेम शोचा गाभा. पण १९६० साली केज आले तेव्हा सादरीकरणाला वेळ पुरावा म्हणून सूत्रसंचालक गॅरी मूर यांनी तो खेळच बाजूला ठेवला! लोक हसतील, चालेल ना, असं त्यांनी सगळ्यांसमोर विचारलंसुद्धा. रडण्यापेक्षा हसणं बरं, असं केज म्हणाले. मग सुरू झाली त्यांची 'वॉटर वॉक' ही संगीतरचना: बाथटब, पियानो, मिक्सर, झारी, बर्फाचे खडे, रबरी बदक, पाच रेडिओ. हे सगळं तीन मिनिटांत, स्टॉपवॉचवर नजर ठेवून. रेडिओचे प्लग कोणी लावायचे यावर दोन कामगार संघटनांचं जमेना, म्हणून केज यांनी रेडिओ लावायच्या जागी वरून थाप मारली आणि बंद करायच्या जागी ते टेबलावरून ढकलून दिले. ते पाहताना मीही दर वेळी हसतो. पण नजर हटत नाही, कारण त्या माणसाची एकही हालचाल उगाच नाही.

आणि ही रचना त्यांनी केली होतीच मुळी एका गेम शोसाठी. १९५९ मध्ये मिलानच्या 'लाशा ओ राद्दोप्पिया' या इटालियन टीव्ही शोत ते अळंब्यांचे जाणकार म्हणून उतरले होते. तिथे पन्नास लाख लिरा जिंकले. त्या पैशातून नृत्यदिग्दर्शक मर्स कनिंगहॅम यांच्या नृत्यसंस्थेला दौऱ्यांसाठी फोक्सवॅगनची गाडी मिळाली.

सॅम्युएल सेमूर यांच्याबद्दल मात्र तुमचा मुद्दा मला टोचला. अमेरिकेचे अध्यक्ष लिंकन यांच्यावर गोळी झाडली गेली त्या रात्री, १८६५ साली, पाच वर्षांचे सेमूर त्याच फोर्ड्स थिएटरमध्ये होते. फेब्रुवारी १९५६ मध्ये 'आय'व्ह गॉट अ सीक्रेट'मध्ये आले तेव्हा वय ९५. आदल्या दिवसांत हॉटेलात पडल्यामुळे डोळ्यावर सूज. येऊ नका, असं मूर यांनी सांगून पाहिलं होतं, म्हातारबुवा ऐकेनात. तरी दिव्यांच्या झोतात त्यांना बसवायला नको होतं, हे मी मूळ लेखात लिहायला हवं होतं. तेवढी दुरुस्ती आज करतो.

पण तिथे कोणी त्यांची टर उडवली नाही. बक्षिसाचे पूर्ण ८० डॉलर त्यांना दिले. कार्यक्रमाचा प्रायोजक सिगारेटवाला होता, सेमूर ओढायचे पाइप, म्हणून सिगारेटऐवजी पाइपच्या तंबाखूचा डबा दिला. दोन महिन्यांनी, १२ एप्रिलला ते वारले. लिंकन यांचा मारेकरी जॉन बूथ सज्जातून उडी मारून पडला तेव्हा लहानग्या सेमूरला त्या पडलेल्या माणसाचीच काळजी वाटली होती. हे त्यांच्या हयातीत नोंदलं गेलं, आणि कॅमेऱ्याने त्यांचा चेहराही जपून ठेवला.