त्या पायऱ्यांवरची सात मिनिटं

कॅनडाच्या पंतप्रधानांवरच्या लेखात पिअर ट्रुडोंचा वारसा १९८२ च्या हक्कांच्या सनदेपाशीच संपवला आहे. मला १३ ऑक्टोबर १९७० आठवल्याशिवाय राहवत नाही. क्यूबेक प्रांत स्वतंत्र करू पाहणाऱ्या एफएलक्यू या सशस्त्र गटाने दोन माणसांचं अपहरण केलेलं, राजधानी ओटावात बंदूकधारी सैनिक उभे. संसदेच्या पायऱ्यांवर सीबीसी या सार्वजनिक प्रसारण संस्थेचे वार्ताहर टिम राल्फ पंतप्रधानांना अडवतात आणि सोडतच नाहीत. तुम्ही कुठपर्यंत जाल, या प्रश्नावर ट्रुडो म्हणतात, "बघाच तुम्ही." तीन दिवसांत वॉर मेझर्स ॲक्ट हा आणीबाणीचा कायदा लागू झाला. वॉरंटशिवाय चारशेहून अधिक माणसं उचलली गेली, त्यांत कवी-पत्रकार जेराल्ड गोदँही होते. बहुतेकांवर पुढे गुन्हासुद्धा दाखल झाला नाही. याच माणसाच्या सनदेत वृत्तपत्रस्वातंत्र्य लिहिलेलं आहे, म्हणून दोन्ही गोष्टी एकत्र सांगायला हव्यात.

तरी ती चित्रफीत जरूर पाहा. अंगरक्षक वार्ताहराला बाजूला ढकलत नाहीत, पंतप्रधान उलटे प्रश्न विचारतात, दोघंही मागे हटत नाहीत. पुढे २००६ मध्ये तेव्हाचे पंतप्रधान स्टीफन हार्पर यांच्या कार्यालयाने कोण प्रश्न विचारणार याची यादी स्वतःकडे घेतली, तेव्हा ओटावातल्या पत्रकारांनी नावं द्यायला नकार दिला. आदिवासी मुलांना घरापासून तोडणाऱ्या निवासी शाळांबद्दल २००८ मध्ये मागितलेल्या माफीचं श्रेय हार्परना द्यायलाच हवं, पण या यादीबद्दल लेखात एक ओळही नाही, हे खटकलं.

आपल्याकडे पत्रकार परिषदा बघताना मला हटकून राल्फ आठवतात.